'कट्यार'च्या चाली आणि नवा श्रोता : पं. जितेंद्र अभिषेकी यांच्या नाट्यसंगीताच्या पुनरागमनाचा ऐतिहासिक विचार

प्रस्तावना

१२ नोव्हेंबर २०१५ रोजी, ऐन दिवाळीत, 'कट्यार काळजात घुसली' हा मराठी चित्रपट प्रदर्शित झाला. त्याच दिवशी 'प्रेम रतन धन पायो' हा हिंदीतील मोठ्या खर्चाचा चित्रपट आणि 'मुंबई-पुणे-मुंबई २' हा लोकप्रिय मराठी चित्रपटही पडद्यावर आले होते. दोन गवयांच्या वैराची कथा, रागदारीवर आधारलेली गीते आणि संस्थानी काळाचे वातावरण एवढ्या भांडवलावर हा चित्रपट या स्पर्धेत टिकेल, अशी अपेक्षा फार थोड्यांनी केली असेल. प्रत्यक्षात तो टिकला, गाजला आणि अठ्ठेचाळीस वर्षांपूर्वी रंगभूमीवर आलेल्या एका नाटकातील पदे महाविद्यालयीन विद्यार्थ्यांच्या ओठी आली. ज्या पिढीने संगीत नाटकाचा एकही प्रयोग पाहिलेला नव्हता, ती पिढी सालगवराळीसारख्या अनवट रागातील पद गुणगुणू लागली.

या घटनेचा सर्वसाधारणपणे लावला जाणारा अर्थ असा की, मृतप्राय झालेल्या नाट्यसंगीताला चित्रपटाने जीवदान दिले. हा अर्थ सोयीचा आहे, परंतु इतिहासाच्या कसोटीवर तो पूर्णपणे उतरत नाही. पं. जितेंद्र अभिषेकी यांच्या चाली २०१५ मध्ये नव्या श्रोत्याला भावल्या, याचे एक महत्त्वाचे कारण १९६४ ते १९६७ या काळात त्या ज्या पद्धतीने बांधल्या गेल्या, त्या बांधणीतच आहे. बदललेल्या, घाईत असलेल्या श्रोत्याचा विचार अभिषेकीबुवांनी अर्धशतक आधीच केला होता. प्रस्तुत लेखात या दृष्टीने 'कट्यार'च्या संगीताच्या प्रवासाचा मागोवा घेतला आहे. या प्रवासात विदर्भाचा, त्यातही वऱ्हाडाचा वाटा मोठा आहे. पुण्या-मुंबईच्या अंगाने लिहिल्या गेलेल्या नाट्येतिहासात तो सहसा दोन ओळींत आटोपला जातो, म्हणून त्याचीही नोंद येथे ओघाने येईल.

'पुनरुज्जीवन' म्हणजे नेमके काय?

संगीतकाराचे विस्मरण आणि पुनरागमन ही केवळ मराठी घटना नव्हे. १८२९ मध्ये बर्लिन येथे वीस वर्षांच्या फेलिक्स मेंडेल्सोनने योहान सेबास्टियन बाखचे 'सेंट मॅथ्यू पॅशन' पुन्हा सादर केले आणि १७५० मध्ये निधन पावलेला, जाणकारांपुरता उरलेला बाख युरोपच्या सामान्य रसिकांपर्यंत पोहोचला, ही कथा सर्वश्रुत आहे. त्यातील एक तपशील मात्र अनेकदा सांगितला जात नाही. मेंडेल्सोनने मूळ रचना जशीच्या तशी सादर केली नव्हती. तिच्यातील बराच भाग त्याने गाळला आणि वाद्यमेळही आपल्या काळाला साजेसा करून घेतला. गुस्ताव माहलर या उत्तर-स्वच्छंदतावादी संगीतकाराबाबतही असेच घडले. १९११ मध्ये त्याचे निधन झाले. १९६० च्या जन्मशताब्दीच्या सुमारास लेनर्ड बर्नस्टाइनसारख्या संगीत-संचालकांनी त्याच्या सिंफनी पुन्हा लोकांसमोर आणल्या, आणि १९७१ मध्ये लुकिनो व्हिस्कोन्ती याच्या 'डेथ इन व्हेनिस' या चित्रपटात पाचव्या सिंफनीतील एक संथ भाग वापरला गेल्यावर, संगीतसभागृहाची पायरीही न चढलेल्या लोकांना तो ठाऊक झाला. ती संपूर्ण सिंफनी त्यांपैकी कितीजणांनी ऐकली असेल, हा प्रश्न वेगळा.

या दोन्ही उदाहरणांवरून असे दिसते की, जुना संगीतकार नव्या श्रोत्याकडे कधी एकटा येत नाही. त्याला कोणीतरी मध्यस्थ लागतो, आणि हा मध्यस्थ काही ठेवतो, काही वगळतो. म्हणून पुनरुज्जीवनाचा अभ्यास करताना काय परत आले याबरोबरच काय वाटेत राहून गेले, हेही पाहणे आवश्यक ठरते.

पहिले पुनरागमन : १९६० ते १९६७

३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'शाकुंतल'चा प्रयोग झाला आणि मराठी संगीत रंगभूमीचे युग सुरू झाले. त्या नाटकात सुमारे दोनशे पदे होती. संवादाचे बरेचसे काम पदच करीत असे. पुढे गोविंदराव टेंबे यांनी 'मानापमान' (१९११) मध्ये ठुमरी-दादऱ्याचा पूरबी रंग आणला, तर भास्करबुवा बखले यांनी 'स्वयंवर' (१९१६) मध्ये ख्यालगायकीचा भारदस्तपणा नाट्यपदाला दिला. येथून पद हे हळूहळू मैफलीचे रूप घेऊ लागले. बालगंधर्वांच्या गळ्याने त्या मैफलीला जे वैभव दिले, त्याविषयी नव्याने सांगण्यासारखे काही नाही. परंतु 'वन्स मोअर'च्या आग्रहाने एकेक पद लांबत जाऊन प्रयोग रात्रभर चालू लागले आणि नाटकाची गती गाण्याच्या स्वाधीन झाली, हेही तितकेच खरे. १९३२ मध्ये 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट आला. त्याचे संगीतकार आणि त्यातील एक नट म्हणून गोविंदराव टेंबेच होते, हा योगायोग नव्हे. रंगभूमीचे संगीत कोठे चालले आहे याची ती खूणच होती. पुढील दशकभरात नाटकमंडळ्यांची बिऱ्हाडे एकामागून एक मोडली.

ही बिऱ्हाडे ज्या प्रदेशाच्या बळावर पोसली गेली, त्यांत वऱ्हाडाचा समावेश होतो. कापसाच्या पैशाने सधन झालेली आणि रेल्वेने मुंबई-नागपूरशी जोडलेली अमरावती, अकोला ही गावे नाटकमंडळ्यांच्या दौऱ्यांतील हक्काची ठिकाणे होती. अमरावतीचे दादासाहेब खापर्डे (१८५४-१९३८) हे लोकमान्य टिळकांचे सहकारी म्हणून जितके प्रसिद्ध, तितकेच नाट्यवेडे आणि नाटकमंडळ्यांचे आश्रयदाते म्हणूनही परिचित होते. अशा प्रदेशात गाण्याचा कान सार्वजनिक रीतीने घडत गेला. पुढे 'कट्यार'शी निगडित दोन प्रमुख माणसे याच मुलखातून आली, ते पाहता ही पार्श्वभूमी उपेक्षिता येत नाही.

संगीत नाटक संपले असे मानले जात असतानाच १९६० मध्ये विद्याधर गोखले यांची 'पंडितराज जगन्नाथ' (संगीत : वसंत देसाई) आणि 'सुवर्णतुला' (संगीत : छोटा गंधर्व) ही नाटके आली. १९६३ मध्ये 'मंदारमाला' आले, त्याचे संगीत राम मराठे यांचे होते. म्हणजे नाट्यसंगीताचे एक पुनरागमन २०१५ च्या कितीतरी आधी घडून गेले होते, आणि त्याचे श्रेय एकट्या अभिषेकींना देणे अन्यायाचे होईल. फरक एवढाच की, गोखल्यांच्या नाटकांचा ओढा मागच्या वैभवाकडे होता. अभिषेकींचा ओढा नाटकाकडे होता.

जितेंद्र अभिषेकी यांचा जन्म २१ सप्टेंबर १९२९ रोजी गोव्यातील मंगेशी येथे झाला. मंगेशाच्या देवळात अभिषेक करणारे घराणे म्हणून मूळ नवाथे आडनावाच्या जागी 'अभिषेकी' रूढ झाले. मास्टर दीनानाथ मंगेशकर याच गावचे. वडील कीर्तनकार असल्याने पदाचा अर्थ श्रोत्यापर्यंत पोहोचवणे म्हणजे काय, हे त्यांना बालपणीच घरात पाहायला मिळाले. संस्कृतचे शिक्षण, मुंबई आकाशवाणीवरील कोकणी विभागातील नोकरी, आग्रा घराण्याचे जगन्नाथबुवा पुरोहित 'गुणिदास' आणि अजमत हुसेन खाँ यांची तालीम, पुढे जयपूर घराण्याची गुलुभाई जसदनवाला यांच्याकडील विद्या, अशा अनेक ठिकाणांहून त्यांचे गाणे घडले. एकाच घराण्याचा शिक्का त्यांच्यावर कधी बसला नाही. घराण्यांच्या भिंतींवर लिहिलेल्या नाटकाला असाच संगीतकार मिळावा, हे औचित्यपूर्ण होते.

१९६४ मध्ये गोवा हिंदू असोसिएशनने वसंत कानेटकरांचे 'मत्स्यगंधा' रंगभूमीवर आणले, तेव्हा अभिषेकी चौतीस वर्षांचे होते. रामदास कामत आणि आशालता वाबगावकर यांच्या गळ्यांतून त्यांच्या चाली प्रथम महाराष्ट्रभर पोहोचल्या. १९६६ मध्ये वि. वा. शिरवाडकरांचे 'ययाति आणि देवयानी' आणि कानेटकरांचे 'लेकुरे उदंड जाली' ही दोन सर्वस्वी भिन्न प्रकृतीची नाटके त्यांनी केली. पहिले पौराणिक आणि गंभीर, दुसरे आधुनिक आणि खेळकर. दुसऱ्या नाटकात गद्य आणि गाणे यांच्या सीमारेषेवर चालणारी पदे आहेत. 'लेकुरे'चे संगीत आज फारसे चर्चिले जात नाही. वास्तविक अभिषेकींच्या नाट्यदृष्टीचा तोच सर्वांत धीट पुरावा आहे.

या तीन-चार वर्षांत त्यांनी नाट्यपदाच्या घडणीत केलेले बदल आज सहज वाटतात. पूर्वी पुष्कळदा एखादी प्रचलित चीज, ठुमरी किंवा लावणी घेऊन तिच्या मापात शब्द बसवले जात. अभिषेकींनी शब्द आणि प्रसंग आधी आणि चाल नंतर, असा क्रम मुख्यतः स्वीकारला. पदाचा आवाका त्यांनी आटोपशीर केला. विस्ताराच्या जागा ठेवल्या, परंतु त्या पदाच्या अंगातच बांधून टाकल्या. आलाप-तान गायकाच्या मर्जीवर न सोडता चालीचाच भाग केला. परिणामी सामान्य वकुबाच्या गायकाने गायले तरी पदाचा आकार मोडत नाही, आणि थोर गायकाने गायले तर त्याला पंख फुटतात. आणखी एक गोष्ट म्हणजे, चाल करताना समोरचा गळा कोणाचा आहे हे त्यांनी सदैव लक्षात ठेवले.

'कट्यार' : एका पदाच्या दोन चाली

पुरुषोत्तम दारव्हेकर हे नागपूरचे. 'मास्तर' या नावाने ते विदर्भात ओळखले जात. रंजन कला मंदिर या संस्थेच्या द्वारा त्यांनी नागपुरात नाट्यचळवळ उभी केली. 'वऱ्हाडी माणसं' हे त्यांचे नाटक या भागातील भाषा आणि माणूस रंगभूमीवर आणणारे म्हणून आजही येथे आपुलकीने आठवले जाते. त्यांचेच 'कट्यार काळजात घुसली' हे नाटक प्रभाकर पणशीकरांच्या नाट्यसंपदा या संस्थेने २४ डिसेंबर १९६७ रोजी रंगभूमीवर आणले. त्यात वसंतराव देशपांडे, भार्गवराम आचरेकर, प्रसाद सावकार, फैय्याज अशी गाणारी मंडळी होती. कवी बांकेबिहारींची भूमिका स्वतः पणशीकर करीत.

कथा विश्रामपूर या कल्पित संस्थानातील. दरबारचे गायक पंडित भानुशंकर आणि खाँसाहेब आफताब हुसेन बरेलीवाले यांच्यातील स्पर्धा, राजगायकाला मानाने मिळणारी कट्यार आणि हवेली, गुरूच्या शोधात आलेला सदाशिव, असा तिचा सांगाडा आहे. कलावंताची प्रतिभा आणि त्याचा अहंकार यांतील झगडा, विद्या घराण्याची की जो तिला जीव लावील त्याची हा प्रश्न, हे सर्व मनोधर्माने स्वच्छंदतावादी आहे. त्यामुळे या नाटकात गाणे हे अलंकार म्हणून येत नाही; गाणे हीच घटना आहे. कोण कसे गातो यावरच कथानक पुढे सरकते.

याचा सर्वांत स्पष्ट प्रत्यय मकरंदाला लुब्ध झालेल्या भ्रमराची प्रतिमा असलेल्या प्रसिद्ध पदात येतो. तेच शब्द पंडितजी गातात आणि तेच खाँसाहेबही गातात. पंडितजींच्या चालीत ठाय, सोज्ज्वळ, भक्तीकडे झुकलेला भाव आहे. खाँसाहेबांची चाल सालगवराळीत, चपळ, पेचदार आणि आव्हान देणारी आहे. दोन गायक, दोन घराणी आणि दोन स्वभाव यांतील सगळा संघर्ष संगीतकाराने एकाही संवादाच्या मदतीवाचून श्रोत्यासमोर उभा केला. संगीतशास्त्र न जाणणाऱ्या प्रेक्षकालाही यातील फरक कळतो, आणि रागांची नावे ठाऊक असलेल्याला तो अधिक खोल कळतो. एकाच रचनेने दोन स्तरांवरील श्रोत्यांना एकाच वेळी धरून ठेवणे, ही गोष्ट वाटते तितकी सोपी नाही. नाटकात असा प्रसंग लिहिणारे दारव्हेकर आणि तो सुरांत सोडवणारे अभिषेकी यांपैकी कोणाचे श्रेय अधिक, असा वाद घालण्यात अर्थ नाही.

खाँसाहेबांचा गळा होता वसंतराव देशपांडे यांचा. अमरावतीच्या राजापेठेतून बडनेऱ्याचा रस्ता धरावा आणि तेथून मुंबईकडे जाणारी गाडी पकडावी, की थोड्याच वेळात मूर्तिजापूर येते. अचलपूर आणि यवतमाळ या दोन्ही बाजूंना जाणाऱ्या 'शकुंतला' रेल्वेचे जंक्शन म्हणून हे गाव वऱ्हाडी माणसाला ठाऊक असते. अकोला जिल्ह्यातील या मूर्तिजापुरात २ मे १९२० रोजी वसंतरावांचा जन्म झाला. नागपुरात शंकरराव सप्रे यांच्याकडे प्रारंभीची तालीम, लाहोरला असद अली खाँ यांच्याकडे काही काळ शिक्षण, पुढे सुरेशबाबू माने, भेंडीबाजार घराण्याचे अमान अली खाँ अशा अनेकांकडून त्यांनी विद्या घेतली. मास्टर दीनानाथांच्या आक्रमक, चमत्कृतिपूर्ण गायकीचे वेड त्यांना आयुष्यभर होते. उपजीविका मात्र पुण्यातील लष्करी हिशेब खात्यातील कारकुनीवर अनेक वर्षे चालली. 'कट्यार' आले तेव्हा ते सत्तेचाळीस वर्षांचे होते. घराण्याची चौकट नसलेला, म्हणून शुद्धतावाद्यांच्या दृष्टीने काहीसा पंक्तीबाहेरचा हा गायक खाँसाहेबांच्या भूमिकेत आला आणि त्याच्या गायकीतील तथाकथित दोष तेथे गुण ठरले. येथेही संगीतकाराची दृष्टी दिसते. अभिषेकींनी वसंतरावांना आपल्या चालीत बसवले नाही. वसंतराव जसे गातात तशाच चाली त्यांनी खाँसाहेबांना दिल्या.

या यशाची दुसरी बाजू अशी की, चाल आणि गळा एकमेकांत इतके मिसळून गेले की लोक त्या पदांना 'वसंतरावांची पदे' म्हणू लागले. संगीतकाराचे नाव ध्वनिमुद्रिकेच्या वेष्टनावर राहिले.

मधली वर्षे

वसंतरावांचे ३० जुलै १९८३ रोजी आणि अभिषेकींचे ७ नोव्हेंबर १९९८ रोजी पुणे येथे निधन झाले. १९८८ मध्ये पद्मश्री आणि १९८९ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळालेल्या या संगीतकाराला त्याच्या हयातीत उपेक्षा सोसावी लागली, असे म्हणता येणार नाही. संगीत नाटकाचे प्रयोग मात्र विरळ होत गेले. तरीही पदे नाहीशी झाली नाहीत. आकाशवाणीच्या केंद्रांवरून ती सकाळ-संध्याकाळ लागत राहिली, कॅसेटच्या रूपाने घराघरांत गेली, गणेशोत्सवातील मैफलींत शेवटच्या फर्माइशीला गायली गेली, आणि गावोगावच्या संगीतवर्गांत शिकवली गेली. अभिषेकींनी गुरुकुलाच्या पद्धतीने शिष्य घडवले होते. शौनक अभिषेकी, प्रभाकर कारेकर, राजा काळे, हेमंत पेंडसे, अजित कडकडे, देवकी पंडित, आशा खाडिलकर, महेश काळे अशी ती परंपरा मोठी आहे. या शिष्यवर्गाने चाली केवळ जपल्या नाहीत, गात्या ठेवल्या.

२००८-०९ मध्ये झी मराठी वाहिनीवरील 'सा रे ग म प'च्या लहान मुलांच्या पर्वात ही पदे पुन्हा घराघरांत ऐकू आली. आठ-दहा वर्षांच्या मुलांनी नाट्यपदे म्हणावीत आणि आजोबा-नातवंडांनी ती एकत्र बसून ऐकावीत, हे दृश्य त्या वर्षी महाराष्ट्रात सर्वत्र दिसले. स्पर्धेच्या वेळेत पद तीन-चार मिनिटांत बसवावे लागे. अभिषेकींची पदे त्या मापात फारशी जखमी न होता बसली, याचे कारण वर आलेच आहे. दूरचित्रवाणीवरील स्पर्धांना नाके मुरडणाऱ्या अभ्यासकांनी ही बाब नोंदवायला हवी होती. चित्रपटाचा श्रोता येथे तयार होत होता.

२०१० मध्ये वसंतरावांचे नातू राहुल देशपांडे यांनी सुबोध भावे यांच्या दिग्दर्शनाखाली 'कट्यार'चे पुन्हा रंगभूमीवर प्रयोग केले आणि खाँसाहेबांची भूमिका स्वतः केली. १९७९ मध्ये जन्मलेल्या नातवाला आजोबांचा सहवास जेमतेम चार वर्षांचा लाभला होता. त्यामुळे त्याच्यापर्यंत ते गाणे आले ते ध्वनिमुद्रणांतून आणि इतर गुरूंच्या द्वारा. परंपरा रक्ताने येते अशी भाबडी समजूत या निमित्ताने पुष्कळ ठिकाणी व्यक्त झाली. ती दुरुस्त करून घेणे बरे.

पडद्यावरील 'कट्यार'

चित्रपटाचे दिग्दर्शनही सुबोध भावे यांनीच केले. खाँसाहेबांच्या भूमिकेत सचिन पिळगावकर होते आणि त्यांना आवाज राहुल देशपांडे यांचा होता. पंडितजींच्या भूमिकेत शंकर महादेवन स्वतः गायले. सदाशिवासाठी महेश काळे गायले. संगीत शंकर-एहसान-लॉय यांचे होते आणि त्यात अभिषेकींची मूळ पदे राखून ठेवलेली होती. म्हणजे या चित्रपटातील गाण्यांचे दोन वर्ग पडतात. एक वर्ग १९६७ च्या नाटकातील पदांचा, दुसरा २०१५ मध्ये नव्याने केलेल्या गीतांचा. गणेशवंदना, कव्वाली आणि इतर काही गीते दुसऱ्या वर्गातील आहेत.

नव्या संगीतकारांनी जुन्या पदांना हात लावताना दाखवलेला संयम उल्लेखनीय आहे. वाद्यमेळ मोठा झाला, ध्वनिमुद्रण आजच्या काळाचे झाले, लांबी आणखी कमी झाली, परंतु चालीचा सांगाडा तसाच ठेवला गेला. मेंडेल्सोनने बाखला आपल्या काळाचा अंगरखा घातला, त्याच जातीचे हे काम होते. मात्र एक मूलभूत गोष्ट यात बदलली. नाटकात प्रत्येक प्रयोगाला पद थोडे निराळे होत असे. वसंतराव आज कोणत्या जागेवरून समेला येतील, या उत्सुकतेने तेच प्रेक्षक पुन्हा पुन्हा येत. चित्रपटात पद एकदाच गायले गेले आणि कायमचे ठरले. नव्या श्रोत्याला त्या एकाच आवृत्तीची ओळख आहे. महेश काळे किंवा राहुल देशपांडे मैफलीत तेच पद वाढवून, वळवून गातात तेव्हा तरुण श्रोता चकित होतो, हे एका परीने सुचिन्हच होय. ही वाढ पदात मुळातच होती, हे त्याला तेथे प्रथम उमगते.

राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांचा या संदर्भातील क्रम अर्थपूर्ण आहे. २०११ च्या 'बालगंधर्व' या चित्रपटासाठी आनंद भाटे, २०१५ च्या 'कट्यार'साठी महेश काळे आणि २०२० या वर्षासाठी 'मी वसंतराव' या चित्रपटातील गायनाबद्दल राहुल देशपांडे, असे तीन मराठी गायक सर्वोत्कृष्ट पार्श्वगायक ठरले. तिन्ही चित्रपटांचा विषय संगीत रंगभूमी किंवा तिच्यावर घडलेला गायक. नाट्यसंगीताचे अखिल भारतीय पातळीवर एवढे कौतुक दहा वर्षांत तीनदा व्हावे, ही लहान गोष्ट नाही. परंतु तिन्ही वेळा मान गायकाला मिळाला. महेश काळे यांना पुरस्कार मिळवून देणारे गीतही नव्या वर्गातील होते, अभिषेकींच्या नाटकातील नव्हे. ते गीत ज्या ढंगाने गायले गेले, तो ढंग मात्र अभिषेकींच्या गुरुकुलात शिकलेला होता. संगीतकाराचा वारसा येथे चालीतून नव्हे, तर शिष्याच्या गळ्यातून पोहोचला आणि त्याची नोंद कोणत्याही श्रेयनामावलीत होण्याची सोय नाही.

'मी वसंतराव' १ एप्रिल २०२२ रोजी प्रदर्शित झाला. आजोबांची भूमिका नातवाने केली. मूर्तिजापुरात जन्मलेल्या मुलाची नागपूर, लाहोर आणि पुण्याच्या वाटेने झालेली वणवण या निमित्ताने मोठ्या पडद्यावर आली. गायकाचे आयुष्य चित्रपटाचा विषय होऊ शकते. संगीतकाराचे सहसा होत नाही. चाल सुचण्याच्या क्षणात पाहण्यासारखे असते तरी काय?

श्रेयाचा प्रश्न आणि वर्गखोली

'कट्यार'च्या यशानंतर जुन्या संगीत नाटकांकडे चित्रपटसृष्टीचे लक्ष वळले. १० जानेवारी २०२५ रोजी 'संगीत मानापमान' हा चित्रपट आला. दिग्दर्शक तेच, संगीतकारही शंकर-एहसान-लॉय. त्यातही जुनी पदे आणि नवी गीते एकत्र आहेत. तथापि 'कट्यार'ने जी हवा निर्माण केली, ती पुन्हा निर्माण झाली नाही. याची व्यावसायिक कारणे अनेक असतील. एक कारण मात्र संगीताच्या रचनेत शोधता येते. गोविंदराव टेंबे यांच्या चाली १९११ च्या सावकाश ऐकणाऱ्या प्रेक्षकासाठी होत्या. त्यांचे सौंदर्य पदाच्या पुनरावृत्तीत, लाडिक फिरतीत आणि गायकाच्या तत्कालीन लहरीत फुलते. ती पदे चार मिनिटांत आवळली की चाल उरते, पण खुमारी निसटते. अभिषेकींचे पद आवळलेलेच जन्माला आले होते. टेंबे अभिषेकींहून उणे होते, असा याचा अर्थ नाही; ते निराळ्या घड्याळासाठी चाली बांधत होते.

राज्यातील विद्यापीठांच्या युवक महोत्सवांत नाट्यगीत गायनाच्या स्पर्धेत 'कट्यार'मधील गाणी आता हटकून येतात. स्पर्धक मंचावर येऊन 'कट्यार काळजात घुसली या चित्रपटातील गीत' अशी घोषणा करतो आणि कधी अभिषेकींचे नाट्यपद, तर कधी २०१५ चे चित्रपटगीत म्हणतो. दोन्ही एकाच खात्यावर जमा होतात. परीक्षकही पुष्कळदा हरकत घेत नाहीत. वस्तुतः १९६७ चे पद आणि २०१५ चे गीत यांत अठ्ठेचाळीस वर्षांचे अंतर आहे, आणि नाट्यगीताच्या स्पर्धेत चित्रपटगीत म्हटले जाणे ही साधी नियमाची चूक आहे. मराठी, संगीत आणि इतिहास या तिन्ही विषयांच्या अध्यापकांना हा भेद वर्गात ऐकवून दाखवता येण्याजोगा आहे. त्यासाठी वसंतरावांच्या आवाजातील मूळ ध्वनिमुद्रण आणि चित्रपटातील त्याच पदाची आवृत्ती एकापाठोपाठ लावावी, इतकेच पुरे. प्रथम विद्यार्थी वाद्यमेळातील फरक सांगतात. दुसऱ्यांदा ऐकल्यावर लांबीतील फरक सांगतात. मग पंडितजींची आणि खाँसाहेबांची चाल शेजारी शेजारी ठेवली, की एखादा विद्यार्थी विचारतो की, हे दोन्ही एकाच माणसाने केले का, आणि त्याचे नाव काय.